आपलं माणूस गेल्यावर लिहायचं कसं

आई गेली तेव्हा सगळे म्हणाले, लिही काहीतरी, मन मोकळं होईल. वही घेऊन बसले तर पहिलंच वाक्य आलं, 'आईच्या जाण्याने कधीही न भरून येणारी पोकळी निर्माण झाली आहे.' हे वाक्य दहाव्याला घाटावर माईक हातात घेतलेल्या प्रत्येकाने म्हटलेलं, त्यात माझी आई कुठेच नव्हती. वही मिटून टाकली.

दोनेक महिन्यांनी स्वयंपाकघरातलं कालनिर्णय काढायला गेले. त्यावर तिच्या अक्षरात दुधाचे खाडे, 'सिलेंडर लावला', 'पेपरचे दिले', आणि १७ तारखेच्या चौकोनात 'रवा २ किलो'. १८ पासून सगळं कोरं. ओट्याला टेकून खूप रडले आणि मग तिथलंच पेन घेऊन १८ च्या चौकोनात लिहिलं, 'आई, एकटीला दोन किलो रवा कशाला गं?'

माझं लिहिणं तिथून सुरू झालं, म्हणून तुम्हालाही हेच सांगेन की दुःखावर लिहायला बसू नका, एखादी वस्तू घ्या. दोऱ्याने बांधलेली चष्म्याची दांडी, बाबांच्या पाकिटातलं एसटीचं जुनं तिकीट, काहीही, पण एका दिवशी एकच. चार ओळी झाल्या तरी पुष्कळ. चौकोन भरला की थांबायचं.

आणि 'ती' म्हणून नाही, 'तू' म्हणून लिहा. वडिलांना अहोजाहो करत असाल तर तसंच, घरी मालवणी, अहिराणी, वऱ्हाडी जे बोलत होतात त्यातच, शुद्धलेखन गेलं खड्ड्यात. 'कुकरची रिंग बदलली, शेजारच्या काकू तुझी आठवण काढत होत्या' असल्या बातम्या सांगायच्या. आपल्याकडे हे नवीन नाहीच. जात्यावर बसून बायका गेलेल्या आईशी असंच बोलायच्या, हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ या अभ्यासकांनी गावोगाव फिरून लाखाच्या वर ओव्या गोळा केल्या, त्यातही आई, माहेर, आई गेल्यावर परकं झालेलं माहेर पुन्हा पुन्हा येतं. त्यातल्या कितीतरी जणींना अक्षरओळखही नव्हती.

पिंडाला कावळा शिवत नसतो तेव्हा आपण हात जोडून मनातल्या मनात एकेक कबूल करत जातो ना, धाकट्याचं बघेन, घर विकणार नाही, बहिणीशी बोलेन, ते सगळं आठवून लिहा. माझ्या मते सगळ्यात खरं लिखाण हेच असतं, कारण तेव्हा आपण कुणाला दाखवायला बोलत नसतो.

रागही लिहा. दवाखान्यात कुणी धड काही सांगितलं नाही त्याचा, तिने दुखणं लपवलं त्याचा, तिचा शेवटचा फोन मी मीटिंगमध्ये होते म्हणून कट केला त्याचा. हे लिहायला मला सात महिने लागले, लिहिलं आणि कागद फाडला, तसंही चालतं.

तेराव्याच्या आत मात्र स्वतःवर जबरदस्ती नको. जेम्स पेनेबेकर या मानसशास्त्रज्ञाने १९८६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात विद्यार्थ्यांना सलग ४ दिवस रोज १५ मिनिटं लिहायला लावलं होतं, काहींना साध्यासुध्या विषयावर, काहींना आयुष्यातल्या क्लेशाच्या प्रसंगावर. प्रसंग आणि भावना दोन्ही लिहिणाऱ्यांना लगेच उलट जास्त वाईट वाटलं, पण पुढच्या काही महिन्यांत त्यांचं आजारपणासाठी डॉक्टरकडे जाणं कमी झालं. म्हणजे लिहून झाल्यावर रडू आलं तर काही चुकलं असं नाही. पण लिहिताना सहनच होईना तर पेन खाली ठेवा. आणि दिवसचे दिवस झोप नाही, जेवण जात नाही, जगूच नये वाटतंय असं झालं तर वहीच्या भरवशावर राहू नका, टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर फुकट आहे, चोवीस तास चालू असतो, मराठीत बोलता येतं.

लिहिलेलं कुणाला दाखवायलाच हवं असं नाही, पण दाखवलंत तर त्या माणसाला ओळखणाऱ्यालाच दाखवा. वर्षश्राद्धाला सगळे गेल्यावर मी बहिणीला तो कॅलेंडरचा कागद वाचून दाखवला. १८ तारखेपाशी तिने मला थांबवलं. म्हणाली, "अगं, तू येणार होतीस ना त्या रविवारी, लाडू करायचे होते तिला."