घरातल्या लैंगिक अत्याचाराची बातमी: या चुका टाळा

मुलीचं नाव गाळलं की आपलं काम झालं, असं मानणारी बातमी आजही वर्तमानपत्राच्या डेस्कवर येते. पोक्सो, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा कायदा. त्याच्या कलम २३ नुसार नावासोबत पत्ता, फोटो, कुटुंबाचा तपशील, शाळा आणि परिसरही छापता येत नाही. मोडलं तर सहा महिने ते एक वर्ष कैद, दंड किंवा दोन्ही. वार्ताहरासोबत मालक-प्रकाशकही जबाबदार.

आरोपी घरातला असतो तेव्हा खरी गोची होते. एका तालुका वार्ताहराच्या बातमीत मुलीचं नाव नव्हतं, पण बापाचं पूर्ण नाव होतं, वाडीचं होतं, वर ‘नववीतली थोरली मुलगी’. मी तिन्ही काढलं. तो फोनवर तडकला, “साहेब, त्या माणसाला कशाला वाचवता?” दुसऱ्या एका दैनिकाने मात्र सगळं छापलं. संध्याकाळी ते कात्रण गावाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फिरत होतं. पोरीची शाळा सुटली, आईने तिला मामाकडे धाडलं. बाप कोठडीत होता, तोंड लपवायची वेळ आली ती पोरीवर.

म्हणून माझा नेम: नातं लिहायचं, आरोपीचं नाव नाही, गाव नाही, फक्त जिल्हा. नातं गाळून नाव छापणारेही आहेत. मला ते पटत नाही. धोका घरातच असू शकतो, हेच तर वाचकाला कळायला हवं. शिवाय एकाने नाव आणि दुसऱ्याने नातं छापलं, की दोन्ही बातम्या वाचणाऱ्याला मुलगी सापडते. पाठवण्याआधी बातमी त्या गावच्या किराणा दुकानदाराच्या नजरेने वाचा. त्याने ओळखली, तर अजून कापा.

मुलगी वारली तरी सूट नाही. जम्मूतल्या कठुआमध्ये आठ वर्षांच्या मुलीवर बलात्कार करून तिचा खून झाला, त्या प्रकरणात तिची ओळख उघड करणाऱ्या माध्यमांना २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने प्रत्येकी १० लाख रुपये भरायला लावले.

एफआयआर मोबाइलवर आला की अर्ध्या तासात जसाच्या तसा उतरवणारी नवी पोरं मला अजिबात सहन होत नाहीत. काय केलं, कुठे हात लावला, हे न्यायालयासाठी असतं. बातमीला गुन्ह्याचं कलम पुरतं.

‘नराधम’ हेडिंगमध्ये नको. वाचक राक्षस शोधतो आणि शेजारच्या सज्जन काकाकडे पाहतच नाही.

आईला “तुम्हाला कळलं कसं नाही?” विचारू नका.

पीडित मुलगाही असू शकतो.

बातमीखाली मुलांसाठीच्या चाइल्ड हेल्पलाइनचा १०९८ क्रमांक द्या. जागा नसेल तर आरोपीच्या वर्णनाची ओळ कापा.