पेल्विसच्या फ्रॅक्चरचा क्लेम एडिटमध्ये अडकतो तेव्हा

अमेरिकन रुग्णाचा चार्ट, आयसीडी-१०-सीएम (अमेरिकेत निदानांना कोड देण्याची पद्धत). निदानात फ्रॅक्चर: डावा सुपीरिअर प्यूबिक रॅमस (पेल्विसच्या पुढच्या हाडाची, म्हणजे प्यूबिसची, वरची फांदी), सेक्रमचा (कण्याच्या तळाचं त्रिकोणी हाड) डावा एला (पंखासारखा बाजूचा भाग) आणि 'पेल्विक रिंग अनस्टेबल' (पेल्विसच्या हाडांचं कडं अस्थिर). कोड लावले होते एस३२.५१२ए (प्यूबिस) आणि एस३२.८११ए (अस्थिर रिंग). एडिटने, म्हणजे क्लेम तपासणाऱ्या संगणकीय नियमाने, जोडी फेटाळली.

कारण टॅब्युलरमध्येच (कोडांच्या क्रमवार यादीत) आहे. एस३२.३ (इलियम), एस३२.५ (प्यूबिस) आणि एस३२.६ (इश्चियम) यांच्याखाली एक्सक्लूड्स-१ टीप ('हे कोड एकत्र लावू नका') आहे: रिंग तुटली असेल तर एस३२.८- मधला कोड घ्या. म्हणून प्यूबिसचा कोड काढला. सेक्रम आणि अ‍ॅसिटॅब्युलमला (खुब्याची खोबण) ही बंदी नाही, उलट एस३२.८ खाली 'कोड ऑल्सो' (यांचा कोडही लावा) म्हटलंय. एला म्हणजे सेक्रमचा झोन १ (बाहेरचा भाग), तेव्हा एस३२.११- जोडला आणि क्लेम सुटला.

रिंग शाबूत असेल तर एस३२.८१ लागत नाही आणि प्यूबिसच्या कोडवर ती बंदी नसते. डावा इन्फीरिअर रॅमस (प्यूबिसची खालची फांदी) एस३२.५९२ मध्ये जातो. सुपीरिअरच्या कोडमध्ये तो कोंबू नका. स्टेबल की अनस्टेबल हे सीटीचा रिपोर्ट वाचून आपण ठरवायचं नाही, डॉक्टरांना क्वेरी (लेखी प्रश्न) टाका. दोन दिवस गेले तरी चालतील.

कोडचं सातवं अक्षर बघा: सक्रिय उपचार चालू असेपर्यंत ए, उघड्या फ्रॅक्चरला बी, नंतर नेहमीसारखं भरत असेल तर डी. एस३२.९ ला (नेमका भाग न सांगितलेलं फ्रॅक्चर) सातव्या जागेपर्यंत पोचायला मध्ये दोन एक्स लागतात: एस३२.९एक्सएक्सए.

आणि ऑस्टिओपोरोसिस असलेली आजी खुर्चीवरून उठताना घसरली असेल, तर एस३२ कडे वळूच नका. निरोगी हाड मोडलं नसतं अशा पडण्याला एम८०.०बी- (ऑस्टिओपोरोसिसमुळे मोडलेला पेल्विस) लागतो.