रूप बदला, पण नियम वाचून: वाइल्ड शेप आणि पॉलिमॉर्फमधल्या या चुका टाळा

सांगली-साताऱ्याकडच्या टेबलांवर डंजन्स अँड ड्रॅगन्स हा पात्रं घेऊन फाशांवर खेळायचा खेळ खेळताना सगळ्यात लांबलेले वाद मी ड्रुइडवरून, म्हणजे प्राण्याचं रूप घेणाऱ्या पात्रावरून, झालेले पाहिलेत. ड्रॅगन आला तर सगळे गप्प बसून फासे टाकतात. ड्रुइड अस्वल झाला की मात्र पुस्तकं उघडतात, मोबाइल निघतात आणि चहा गार होतो.

कारण सोपं आहे. इच्छाधारी नागाच्या गोष्टी ऐकत आपण मोठे झालो. त्यात मनात आलं की रूप बदलतं, आतला माणूस तसाच राहतो, आणि असं किती वेळा करायचं याचा हिशेब कोणी ठेवत नाही. खेळात हिशेब आहे, आणि तो प्रत्येक जादूचा वेगळा आहे. म्हणून रूप बदलणारी कुठलीही गोष्ट टेबलावर आली की तीन प्रश्न विचारायचे: आता शरीर कोणाचं, डोकं कोणाचं आणि एचपी (मार सोसायचे गुण) कोणाचे? खालच्या बहुतेक चुका यातला एखादा प्रश्न न विचारल्यामुळे होतात.

पुस्तक कोणतं, ते न ठरवता खेळायला बसणं

पाचव्या आवृत्तीची प्लेयर्स हँडबुक दोन आहेत, 2014 ची आणि 2024 ची. दोन्हींत वाइल्ड शेप, म्हणजे ड्रुइडची प्राणी व्हायची ताकद, आहे, दोन्हींत दुसऱ्या लेव्हलला मिळतं, आणि नेमकं तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर दोन्हींत वेगळं आहे.

2014 मध्ये तुम्ही प्राण्याचे एचपी घेता. तपकिरी अस्वलाचे एचपी 34. मून या उपप्रकारातल्या ड्रुइडला दुसऱ्याच लेव्हलला सीआर (प्राणी किती ताकदवान, याचा आकडा) 1 चा प्राणी होता येतं आणि एका विश्रांतीपर्यंत दोनदा रूप घेता येतं. म्हणजे स्वतःच्या एचपीवर आणखी 68. शेजारी बसलेल्या फायटरचे, म्हणजे लढवय्या पात्राचे, त्या लेव्हलला साधारण 20 असतात, त्यामुळे त्याचं तोंड का उतरतं हे वेगळं सांगायला नको. 2024 मध्ये हे मोडीत निघालं. एचपी तुमचेच राहतात, वर ड्रुइडच्या लेव्हलइतके तात्पुरते एचपी मिळतात. मून ड्रुइड तिसऱ्या लेव्हलला होता येतं, आणि त्याला लेव्हलच्या तिप्पट मिळतात. तिसऱ्या लेव्हलला 9. कुठे 34 आणि कुठे 9!

मग होतं काय, की खेळाडू जुना व्हिडिओ बघून ‘अस्वल होऊन पुढं उभा राहतो’ असं ठरवून येतो, डीएमच्या (खेळ चालवणाऱ्याच्या) हातात नवीन पुस्तक असतं, आणि पहिल्या मारामारीतच अस्वल आडवं होतं. पात्र बनवायच्या दिवशीच आवृत्ती ठरवा. पुस्तक महाग वाटत असेल तर दोन्ही आवृत्त्यांचे मूलभूत नियम एसआरडी नावाने अधिकृतपणे फुकट मिळतात: 5.1 जुन्यासाठी, 5.2 नव्यासाठी. फक्त त्यात ड्रुइडचा लँड हा एकच उपप्रकार आहे, मून नाही. मूनबद्दलच्या अर्ध्या अफवा त्यामुळेच पसरत असाव्यात, असं मला वाटतं.

मनात येईल तो प्राणी होणं

2014 च्या नियमात प्राणी तुमच्या पात्राने आधी पाहिलेला हवा. तुम्ही नव्हे, पात्राने. डोंगरदऱ्यांत वाढलेल्या ड्रुइडने बिबट्या पाहिला असणार. ध्रुवीय अस्वल त्याने कुठे पाहिलं, हे सांगता आलं पाहिजे. आमच्याकडचे बरेच डीएम आपल्या जगाचा नकाशा कोयना-चांदोलीच्या जंगलावर बेततात, आणि तिथे हा नियम एकदम रंगतो. खेळाडूला गवा व्हायचं असतं, पण गव्याचे आकडे मूळ पुस्तकात नाहीत. अशा वेळी नवे आकडे घडवत बसू नका. गेंड्याचे घ्या आणि वर्णन गव्याचं करा. गेंडा सीआर 2 चा आहे, तेव्हा जुन्या नियमात मून ड्रुइडलाही तो सहाव्या लेव्हलपर्यंत मिळत नाही. बिबट्यासाठी पँथरचे आकडे चालतात. सीआर पाव, दुसऱ्या लेव्हलपासून खुला.

सीआर सगळे बघतात. चूक होते ती पोहण्या-उडण्याच्या अटीत. जुन्या नियमात दुसऱ्या लेव्हलला सीआर पाव, आणि प्राण्याला पोहण्याचा किंवा उडण्याचा वेग नको. चौथ्या लेव्हलला सीआर अर्धा, पोहणं चालतं. उडणं आठव्याला. आता गंमत बघा: बत्तीस शिराळ्याचा खेळाडू ड्रुइड घेणार आणि पहिल्यांदा साप होणार, हे गृहीतच धरा. पण पुस्तकातल्या सापांना पोहण्याचा वेग दिलेला आहे. विषारी साप सीआर एक अष्टमांश, एचपी फक्त 2, तरी दुसऱ्या लेव्हलला तो होता येत नाही! मून ड्रुइडलाही नाही, कारण त्याला सूट सीआरची आहे, पोहण्याची नाही. मगरीचं तेच. भिलवडीच्या पुलावरून कृष्णेतली मगर पात्राने रोज पाहिलेली असली तरी चौथ्या लेव्हलपर्यंत थांबावं लागतं.

2024 मध्ये पोहण्याची अट गेली, उडण्याची राहिली. म्हणजे शिराळकराची सोय झाली. पण नवीन बंधन आलं: ठरावीकच रूपं माहीत असतात. दुसऱ्या लेव्हलला चार, चौथ्याला सहा, आठव्याला आठ, आणि दीर्घ विश्रांतीनंतर त्यातलं एक बदलता येतं. मला हे बरं वाटतं. ऐन लढाईत सगळं प्राणीपुस्तक चाळणारा खेळाडू मी पाहिलाय.

किल्ला चढायचा असेल आणि उडता येत नसेल तर घारीसाठी हट्ट धरून बसू नका. जायंट लिझर्ड सीआर पाव, एचपी 19, चढण्याचा वेग 30 फूट. यशवंतीची गोष्ट ठाऊक असलेल्या टेबलाला एवढा मोठा घोरपडीसारखा प्राणी असताना घार कशाला लागते? चढायचं मात्र वेळेत. रूप टिकतं ड्रुइड लेव्हलच्या निम्मे तास, अपूर्णांक खाली सोडून. म्हणजे तिसऱ्या लेव्हललाही एकच तास.

पॉलिमॉर्फला वाइल्ड शेप समजणं

पॉलिमॉर्फ ही कोणालाही प्राणी बनवणारी वेगळी जादू आहे, आणि ही सगळ्यात महागात पडणारी चूक. वाइल्ड शेपमध्ये बुद्धी, शहाणपण आणि करिश्मा तुमचेच राहतात. मांजर झालेला ड्रुइड पहारेकऱ्यांचं बोलणं ऐकतो, त्याला ते कळतं, नंतर येऊन सांगता येतं. पॉलिमॉर्फमध्ये हे आकडेसुद्धा प्राण्याचे होतात. स्वभाव आणि नैतिक कल तेवढे टिकतात.

सातव्या लेव्हलचा विझार्ड (जादूगार) पॉलिमॉर्फ शिकतो आणि पहिल्याच खेपेला मित्राला जायंट एप, म्हणजे महाकाय वानर, करतो. सीआर 7, 2014 मध्ये एचपी 157. इथवर बरोबर, कारण पात्राच्या बाबतीत सीआरची मर्यादा त्याच्या लेव्हलवर मोजतात. पुढच्याच फेरीत तो वानर दार उघडायचं कोडं सोडवायला लागतो. त्याची बुद्धी आता 7 आहे, भावा. टी-रेक्स केलंत तर 2. मी निकाल देतो तो असा: आपली माणसं ओळखता येतात, कोणाला मारायचं तेही कळतं, पण आखलेला बेत, कोडं, वाचन बंद. काही डीएम याहून कडक असतात, काही सैल. लढाईआधी विचारून घेतलं की झालं.

शिवाय पॉलिमॉर्फला कॉन्सन्ट्रेशन, म्हणजे जादू टिकवायला धरलेलं लक्ष, लागतं, आणि ते जादू टाकणाऱ्याचं. मार बसला की सेव्ह, म्हणजे लक्ष टिकवायला फासा टाकायचा. गाठायचा आकडा 10 किंवा नुकसानाच्या निम्मे, जे जास्त असेल ते. 30 चा फटका बसला तर 15. तो चुकला की वानर गेला. म्हणून वानर पुढे धाडून विझार्डने मागे, खांबाआड उभं राहायचं. विझार्ड स्वतःच वानर झाला तर सेव्हला वानराचा दणकट +4 मिळतो खरा, पण चिलखताचा आकडा फक्त 12 असल्याने फटके इतके बसतात की एखादा सेव्ह चुकतोच.

शत्रूवर ही जादू टाकल्यावरची चूक तर ठरलेली. दरोडेखोरांच्या म्होरक्याचा उंदीर होतो, आणि लगेच कोणीतरी उत्साहाने त्याच्यावर तलवार घालतं. उंदराचा एचपी 1. तो संपला की म्होरक्या परत उभा, जवळजवळ धडधाकट. फक्त उरलेलं नुकसान त्याला लागतं. उंदीर झाला तर त्याला हात लावू नका. आधी बाकीची टोळी उरका, मग त्याच्याभोवती गोल करून उभे राहा. नाहीतर कड्यावरून टाका: दर 10 फुटांना एक सहा-बाजूंचा फासा, आणि वरचं नुकसान मूळ शरीराला. डब्यात बंद करून पिशवीत ठेवू नका. जादू तासाभराची आहे आणि म्होरक्या डब्यापेक्षा मोठा आहे.

अस्वलाला औषधपाणी

फक्त 2014 वाल्यांसाठी. रूपात असताना क्लेरिकने (जादूने बरं करणाऱ्या पात्राने) बरं केलं तर प्राण्याचे एचपी वाढतात. परत माणूस झालात की रूप घेण्याआधी जेवढे होते तेवढेच. स्वतःचे एचपी 3 असताना अस्वल झालेल्या ड्रुइडचे आतले 3 तसेच आहेत. अस्वलाचा एक एचपी उरला आणि 10 चा फटका बसला, तर 9 आत जातात आणि तुम्ही बेशुद्ध.

झटपट काही

सामान जमिनीवर टाकता येतं, अंगावर ठेवता येतं किंवा शरीरात विरघळवता येतं. विरघळलेल्या अंगठीचा किंवा ढालीचा फायदा मिळत नाही, तरीही लोक तो आकडा पत्रकावर ठेवून देतात. चोरलेली चिठ्ठी बाहेर काढायला मात्र ही उत्तम जागा.

2024 मध्ये वाइल्ड शेपच्या रूपातही बोलता येतं, 2014 मध्ये मात्र प्राण्याला बोलता येत नाही. खेळाडूने टेबलावर बोलावं, पात्राने फार तर शेपूट हलवावी. खुणा आधी ठरवून ठेवा.

रूपात सहसा नवी जादू टाकता येत नाही, पण आधी टाकलेली चालू राहते. कॉल लाइटनिंग सुरू करून मग बिबट्या झालेला ड्रुइड दर फेरीला वीज पाडू शकतो. हे विसरणारे ड्रुइड फार आहेत आणि मला त्यांची कीव येते.

डिसगाइज सेल्फ म्हणजे रूपबदल नाही, नुसता भास आहे. त्यातली पगडी दिसते, पण हात लावला तर आरपार जातो. झडतीची शक्यता असेल तर ऑल्टर सेल्फ वापरा. त्यात चेहरा खरंच बदलतो.

कोळी होऊन नाकात शिरणं

प्रत्येक टेबलावर हा बेत कोणीतरी मांडतोच: कोळी होतो, राक्षसाच्या नाकात शिरतो आणि आत माणूस होतो. वाइल्ड शेपच्या नियमात याचं थेट उत्तर नाही, म्हणून वाद पेटतो. एक धागा मात्र पुस्तकात आहे. एनलार्ज या जादूत स्पष्ट लिहिलंय की जागा अपुरी असेल तर आकार मावेल तेवढाच वाढतो. वाढणाऱ्या शरीराने आजूबाजूचं फाडावं, असं खेळ बनवणाऱ्यांच्या मनात नव्हतं. त्यावरून माझा निकाल असा: आत माणूस व्हायला गेलात की जवळच्या मोकळ्या जागेत ढकलले जाता. नुकसान कोणालाच नाही. राक्षसाला एक सणसणीत शिंक येते, आणि तुम्ही त्याच्या पायाशी, कोळ्याचं रूप खर्च करून बसलेले. पुढची पाळी त्याची.