फटाक्याने भाजलं? टूथपेस्ट राहू द्या, आधी नळ सोडा

दिवाळीत भाजण्याचे प्रकार दरवर्षी तेच असतात. विझलेल्या फुलबाजीच्या तापलेल्या तारेवर अनवाणी पाय पडतो, भुईनळा हातातच फुटतो, न उडालेला सुतळी बॉम्ब वाकून बघायला जावं तर तोंडावर उडतो. आणि मग घरात होणाऱ्या चुकाही त्याच. आजी हळद आणते, शेजारचे काका टूथपेस्ट, कुणाला शाई आठवते. सगळे मायेपोटीच धावतात, पण यात पाण्याचा वेळ जातो.

भाजलेला भाग नळाच्या हलक्या धारेखाली धरा आणि घड्याळ लावून 20 मिनिटं धरून ठेवा. दोन मिनिटांत आग कमी झाली की हात काढून घेतला जातो, ही चूक फार महागात पडते. वरून गार लागलं तरी कातडीच्या खालच्या थरांत उष्णता उरलेली असते आणि ती आत भाजत राहते. गडबडीत वेळ गेला असेल तरी तीन तासांच्या आत पाण्याचा उपयोग होतो. बर्फ मात्र लावू नका. त्याने रक्तवाहिन्या आकसतात आणि दुखावलेली कातडी आणखी खराब होते. लहान मूल असेल तर पाणी फक्त भाजलेल्या जागी, बाकी अंगावर पांघरूण. नाहीतर ते गारठतं.

पाणी चालू असतानाच अंगठी, बांगड्या, पैंजण, घड्याळ काढून घ्या. सूज चढल्यावर ते निघत नाही. कातडीला चिकटलेला कपडा ओढू नका, भोवतीने कापा.

टूथपेस्ट आणि तुपाखाली उष्णता कोंडते. हळद, शाई लावली तर जखम किती खोल आहे हे डॉक्टरांना दिसत नाही. आधी ते सगळं धुऊन काढावं लागतं, आणि त्या वेदना पोरालाच सोसाव्या लागतात. जखमेवर धुतलेलं सुती कापड सैल झाका. कापूस नको, त्याचे तंतू चिकटतात. फोड आले तर फोडू नका.

पांढरट किंवा काळी पडलेली कातडी दुखत नसेल तर निर्धास्त राहू नका. खोल भाजल्यावर संवेदनाच जाते. अशी जखम, तळहाताहून मोठी जखम, किंवा चेहरा, हात, पाऊल, सांधा, गुप्तांग यांपैकी कुठेही भाजलं असेल तर दवाखान्यात जा आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनचं विचारा. जास्त भाजलं असेल तर 108 ला फोन करा.

डोळ्याचं वेगळं. चोळायचा नाही, घरातले थेंब घालायचे नाहीत. नुसती फटाक्याची दारू उडाली असेल तर स्वच्छ पाण्याने भरपूर धुवा. काही रुतलं असेल किंवा रक्त येत असेल तर पाणीही मारू नका. दाब न देता वर कागदी कप झाकून त्याच रात्री डोळ्यांच्या डॉक्टरांकडे न्या.