गाण्याच्या कार्यक्रमाचं एडिटिंग: या चुका टाळा

नवीन एडिटर टाइमलाइन दाखवायला येतो तेव्हा मी त्याचे कट बघत नाही, गायकाचे ओठ बघतो. 'प', 'ब', 'म' म्हणताना ओठ मिटतात. ती फ्रेम आणि तो आवाज जुळत नसेल तर बाकीची मेहनत वाया.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे कॅमेऱ्याच्या माइकवरच्या आवाजावरून सिंक, म्हणजे चित्र आणि आवाजाचा मेळ, लावून मोकळं होणं. एक बटण दाबलं की झालं, म्हणून सगळे तेच करतात. मीही केलं होतं. आठ कॅमेरे, दोन तासांचा कार्यक्रम. निम्मं काम उरकल्यावर ड्रमरचा क्लोजअप लावला, तर काठी आधी पडतेय आणि ठोका मागून येतोय! तो कॅमेरा स्टेजपासून 40 मीटर लांब होता. आवाज सेकंदाला साधारण 343 मीटर जातो, म्हणजे त्या माइकपर्यंत यायला त्याला 117 मिलिसेकंद लागले. सेकंदाला 25 फ्रेम धरल्या तर एक फ्रेम 40 मिलिसेकंदांची. सॉफ्टवेअरनं तो उशिरा आलेला आवाज साउंड मिक्सरवरून थेट रेकॉर्ड झालेल्या आवाजाशी जुळवला आणि चित्र जवळजवळ तीन फ्रेम लवकर येऊन बसलं. गायिकेचे सगळे क्लोजअप त्याच कॅमेऱ्याचे. दोन रात्री एकेक कट उघडून सरकवत बसलो.

तेव्हापासून टाइमकोडशिवाय, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर नोंदलेल्या वेळेशिवाय, मी काम सुरू करत नाही. तरीही प्रत्येक कॅमेऱ्यावर सुरुवातीचा एक आणि शेवटचा एक ठोका डोळ्यांनी तपासतो. शेवटचा अशासाठी, की वेगवेगळ्या घड्याळांवर चालणारी यंत्रं तासाभरात एक-दोन फ्रेम सहज सरकतात. याला दहा मिनिटं लागतात, आणि ती वाचवणाऱ्यांचा मला मनापासून राग येतो.

दुसरी चूक प्रत्येक ठोक्यावर कट मारण्याची. ठेका कानाला ऐकू येतोच, तो डोळ्यांत कशाला खुपसायचा? गायक ओळीआधी श्वास घेतो, मी तिथे कट घेतो. आलाप सुरू असेल तर हात बांधून बसतो.

बासरीचा तुकडा वाजत असताना गिटारवाला दाखवू नका. आवाजाच्या कच्च्या मिक्सवर (सगळ्या वाद्यांच्या कच्च्या मिश्रणावर) कट पक्के करू नका. फायनल मिक्समध्ये एखादं वाद्य वर येतं आणि तुमचा शॉट भलत्याच माणसावर असतो.

आणि वेळ कमी पडली म्हणून टाळ्यांची सुरुवात छाटू नका. शेवटच्या सुराची गुंज तिच्याखालीच विरत असते. छाटायचंच तर टाळ्यांच्या मधून छाटा, आणि सांधा क्रॉसफेडनं, म्हणजे एक आवाज विरत असताना दुसरा चढवत, जोडा.