एआयकडून डॉक्युमेंटेशन लिहून घेताय? आमच्या या चुका तरी टाळा

मागच्या उन्हाळ्यातला शनिवार. बडोद्याच्या दांडिया बाजारात सेव उसळची प्लेट हातात आली न आली तोच फोन वाजला, मकरपुऱ्याच्या क्लायंटकडचे स्टोअरकीपर, आणि पहिलंच वाक्य, "भाई, बधुं झीरो थई गयुं." म्हणजे सगळं शून्य झालं. ती प्लेट तशीच राहिली.

झालं होतं असं की स्टॉक रीसेट करायची आमची एक पायथन स्क्रिप्ट आहे, वर्षाअखेरीला चालवायची, तिचं डॉक्युमेंटेशन, म्हणजे ती कशी चालवायची ते सांगणारं पान, कधी कोणी लिहिलंच नव्हतं, म्हणून मी एआयला अख्खा फोल्डर दिला आणि म्हणलं लिहून दे बाबा. दहा मिनिटांत झकास पान तयार. हेडिंगं, टेबल, उदाहरणं, सगळं. त्यात लिहिलेलं की आधी 'ड्राय रन' फ्लॅग (कमांडपुढं जोडायचा पर्याय) लावून चालवा, डेटा बदलणार नाही, फक्त काय होईल ते दिसेल. आता आमच्या स्क्रिप्टमध्ये असला फ्लॅग नव्हताच! पण अशा स्क्रिप्टांत तो सहसा असतो, मग त्यानं इथंही घालून टाकला. वर आमची करणी अशी की फ्लॅग वाचणाऱ्या पायथनच्या आर्गपार्स लायब्ररीतलं साधं 'पार्स आर्ग्ज' न वापरता कोणीतरी 'पार्स नोन आर्ग्ज' वापरून ठेवलेलं. साधं असतं तर अनोळखी फ्लॅग बघून स्क्रिप्ट एरर देऊन तिथंच थांबली असती, हे दुसरं मात्र अनोळखी फ्लॅग गपचूप बाजूला काढून ठेवतं आणि पुढं चालू लागतं. त्या स्टोअरकीपर भाईंनी पान नीट वाचून, सांगितल्याप्रमाणे, 'नुसतं बघायला' म्हणून चालवली आणि ओपनिंग स्टॉक सगळा साफ. रात्रीचा बॅकअप होता म्हणून वाचलो.

यात त्या भाईंची काहीच चूक नाही हां. डॉक नव्हतं तेव्हा ते प्रत्येक गोष्ट फोन करून विचारायचे, मी वैतागायचो. डॉक आलं आणि फोन बंद झाले. डॉक नसणं परवडलं असतं, आमचं नडलं ते डॉक असण्यानं.

चालवून न बघता छापणं

ही सगळ्यात मोठी, बाकीच्या बऱ्याच चुका हिच्याच पोटातल्या. एआय कोड वाचतो, चालवत नाही (स्वतः कमांड चालवू शकणारा एजंट असेल तर चालवू शकतो, पण तुम्ही सांगितलं आणि परवानगी दिली तरच). आणि वाचतानाही जिथं त्याला दिसत नाही तिथं तो जागा रिकामी सोडत नाही, साधारण जे असतं ते भरतो. म्हणून आता आमचा नियम, डॉकमधली प्रत्येक कमांड टेस्ट डेटावर चालवल्याशिवाय पान मर्ज होत नाही, म्हणजे मुख्य कोडमध्ये जात नाही. पायथनमध्ये डॉकटेस्ट आहेच, डॉकस्ट्रिंगमधलं (कोडमध्येच लिहिलेल्या माहितीतलं) उदाहरण चालवून लिहिलेलं उत्तर खरंच येतं का ते बघतं, पायटेस्ट या टेस्टिंगच्या टूलमधूनही चालतं. रस्ट भाषावाल्यांची तर 'कार्गो टेस्ट' ही कमांड लायब्ररीच्या डॉकमधली उदाहरणंसुद्धा चालवून बघते. हे असताना हातानं तपासत बसणं म्हणजे घरात पंखा असून पुठ्ठ्यानं वारा घेणं.

कमांड लाइनचे फ्लॅग तर एआयकडून लिहूनच घेऊ नका. स्क्रिप्टला 'हेल्प' लावलं की ती स्वतःच यादी देते, तीच यादी पानात आपोआप चिकटवा. एपीआयचंही तेच, ओपनएपीआयची (एपीआयचं ठराविक साच्यातलं वर्णन) फाइल कोडमधून निघत असेल तर पॅरामीटरचं टेबल तिच्यातून येऊ द्या, एआयला फक्त त्या टेबलाभोवतीचं समजावणं लिहू द्या.

'बरोबर आहे ना?' असं त्यालाच विचारणं

आम्ही विचारलं होतं. तो म्हणाला हो, अगदी बरोबर आहे. परत विचारलं, नक्की ना? तर म्हणाला माफ करा, आणि जे बरोबर होतं तेच बदलून टाकलं! त्याच चॅटमध्ये पडताळणी करायची नाही. आम्ही आता नवीन चॅट उघडतो, लिहिलेलं पान आणि कोड देतो आणि सांगतो की प्रत्येक विधानासमोर कुठली फाइल, कुठली ओळ ते लिही, सापडलं नाही तर 'सापडलं नाही' लिही. मग त्या ओळी आपण उघडून बघायच्या, कारण ओळीचा नंबरही तो कधीकधी ठोकून देतो. कंटाळवाणं आहे, पण 'ड्राय रन' यातच पकडलं गेलं असतं.

इन्स्टॉलेशनचं पान असेल तर पॅकेजचं नाव न नाव तपासा, यात नुसती लाज नाही, धोका आहे. २०२४ मध्ये बार लान्याडो नावाच्या सिक्युरिटी संशोधकानं दाखवून दिलं की एआय मॉडेलं 'हगिंगफेस-सीएलआय' नावाचं पॅकेज पायथनवाल्यांना सुचवतायत, जे त्या नावानं अस्तित्वातच नव्हतं. त्यानं त्या नावाचं रिकामं पॅकेज टाकून दिलं तर तीन महिन्यांत ३० हजारांच्या वर डाउनलोड, आणि एका मोठ्या कंपनीच्या रीडमीमध्ये (प्रोजेक्टच्या माहितीच्या फाइलमध्ये) तीच इन्स्टॉल कमांड छापलेली सापडली. त्याचं पॅकेज रिकामं होतं म्हणून ठीक, चोराचं थोडंच रिकामं असणार?

व्हर्जनचंही बघा. पायडँटिक या पायथनच्या डेटा तपासायच्या लायब्ररीचं दुसरं मोठं व्हर्जन जून २०२३ मध्ये आलं, त्यात जुनी 'डिक्ट' मेथड मागं पडून 'मॉडेल डंप' आली, तरी एआय अजून मधूनमधून जुनंच लिहून देतो कारण जगात जुना कोड ढिगानं पडलाय. प्रॉम्प्टमध्ये तुमची रिक्वायरमेंट्सची (लागणाऱ्या पॅकेजांच्या यादीची) फाइल जोडा, व्हर्जनसकट.

'का' विचारलं की तो गोष्ट रचतो

वजनकाट्यावरून वजन वाचायच्या कोडमध्ये आमच्याकडं ७ सेकंद थांबायची एक ओळ आहे. एआयनं लिहिलं, 'सिस्टिमची विश्वसनीयता आणि परफॉर्मन्स वाढवण्यासाठी'. वाचायला किती छान! खरं कारण असं की त्या क्लायंटचा काटा जुना आहे, ट्रक वर चढला की आकडा डुलत राहतो, स्थिर व्हायला पाच-सहा सेकंद लागतात, आम्ही उन्हात उभं राहून घड्याळ लावून मोजलेलं. हे कोडमध्ये कुठंही नाही, मग त्याला कुठून कळणार. आमच्या टीममधल्या नव्या मुलीनं ते विश्वसनीयतावालं वाचून ती ओळ २ सेकंदांवर आणली, तिच्या हिशोबानं सुधारणाच केली बिचारीनं. सर, परफॉर्मन्स अजून वाढला, म्हणाली.

'का' माणसानं लिहायचं. मोठं काही नको, निर्णय काय, कधी, कशामुळं, दुसरं काय करून बघितलेलं, अर्धं पान. याला एडीआर (आर्किटेक्चर डिसिजन रेकॉर्ड) म्हणतात, मायकल नायगार्डनं २०११ मध्ये ही पद्धत मांडली, आणि आता तिचा दुहेरी फायदा, कारण हीच पानं एआयला सोबत दिली की तो गोष्टी रचायचं बरंच कमी करतो. आम्ही प्रॉम्प्टमध्ये एक ओळ कायम ठेवलीय, कारण कोडमध्ये किंवा एडीआरमध्ये लिहिलेलं नसेल तर 'टीमला विचारा' असं लिही. पहिल्या पानात अकरा वेळा 'टीमला विचारा' आलं, वाईट दिसत होतं, पण त्या अकरा जागांची उत्तरं आमच्यातल्या एकाच माणसाच्या डोक्यात होती आणि तो पुढच्या महिन्यात पुण्याला जॉइन होणार होता. घाईघाईत त्याला बसवून सगळं लिहून घेतलं.

दरवेळी पान नव्यानं जनरेट करणं

लिहून होतं एकदा, सांभाळायचं असतं रोज. आमचा आळशीपणा असा की कोड बदलला की पूर्ण पान परत जनरेट. मग काय होतं, दोन वाक्यांचा बदल असतो पण सगळीच वाक्यं नव्यानं येतात, डिफमध्ये (काय बदललं ते दाखवणाऱ्या यादीत) अख्खं पान लाल-हिरवं दिसतं, तेवढं कोण वाचणार, अप्रूव्ह. आणि मागच्या वेळी आपण हातानं दुरुस्त केलेलं चूपचाप उडालेलं असतं.

उलटं करा. गिटचा डिफ आणि त्या विषयाचं जुनं पान, एवढंच द्या, आणि 'लिहून दे' म्हणू नका, 'या बदलानंतर या पानातली कुठली वाक्यं खोटी ठरली' असं विचारा. तेवढीच बदला. यासाठी डॉक कोडच्याच रेपोत (गिटच्या फोल्डरात), साध्या मार्कडाउन मजकुरात, त्याच पीआरमध्ये (बदल तपासायला पाठवतो त्या पुल रिक्वेस्टमध्ये) पाहिजे. ड्राइव्हवर वेगळं पडलेलं असेल तर कोणी करणार नाही, आम्ही तर नाहीच केलं. मार्कडाउनमधून डॉकची साइट बनवणारं एमकेडॉक्स वापरत असाल तर बिल्डला 'स्ट्रिक्ट' लावा, तुटलेल्या लिंकसारख्या वॉर्निंगवर बिल्ड पडतं आणि मग सगळ्यांना वेळ मिळतो!

पासवर्ड आणि कीचं थोडक्यात सांगतो. फोल्डर देताना पासवर्ड आणि की ठेवलेली एन्व्ह फाइल वगळा, कारण उदाहरण 'खरं' वाटावं म्हणून खरी एपीआय-की डॉकमध्ये आलेली मी बघितलीय. आलीच आणि कमिट झाली तर नुसती खोडून भागत नाही, गिटच्या इतिहासात ती राहतेच, ती की-च बदलून टाका.

भाषांतरात शब्द हरवणं

ऑपरेटर लोकांसाठी गुजरातीत मॅन्युअल पाहिजे होतं, मराठीतही, कारण दोन्हीकडची माणसं आहेत तिथं. स्टोअरमध्ये 'इश्यू' म्हणजे माल काढून देणं. एआयनं सगळीकडं केलं 'समस्या'. समस्या स्लिप भरा, समस्या मंजूर करा, आजच्या एकूण समस्या. स्टोअरवाले भाई म्हणाले हे मात्र बरोबर लिहिलंय.

आपल्या बडोद्याला हे नवीन नाही, सयाजीराव महाराजांनी राज्यकारभाराच्या शब्दांचा आठ भाषांतला कोश तयार करवला, १९३१ साली छापला. आमचा कोश साठ-सत्तर शब्दांचाच आहे, रेपोत एक फाइल, प्रत्येक प्रॉम्प्टसोबत जाते. 'इश्यू', 'पोस्ट', 'बॅच', 'पार्टी' भाषांतरित करायचे नाहीत, बटणाचं नाव स्क्रीनवर जसं दिसतं तसंच ठेवायचं. ती यादी आम्ही ऑफिसात नाही बनवली, त्या भाईंनी मॅन्युअलच्या प्रिंटआउटवर पेननं गोल करून करून बनवून दिली.

स्क्रीनशॉटचं मात्र आमचं अजून जमलेलं नाही. मजकूर सुधारतो, चित्रं जुनीच राहतात, आणि परवाच कोणीतरी विचारलं की मॅन्युअलमधलं ते हिरवं बटण कुठंय. ते मार्चमध्येच निळं झालं.