कार्यशाळेसाठी घरीच कन्व्हेयर बांधताना: पट्टा सरळ चालवण्याची रीत

घरच्या कार्यशाळेत किंवा गॅरेजमध्ये कन्व्हेयर, म्हणजे माल वाहून नेणारा फिरता पट्टा, बांधायला घेणारा माणूस बहुधा सर्वांत आधी मोटर शोधतो. यंत्र तयार झाल्यावर मात्र त्याची खरी अडचण शक्तीची नसतेच. पट्टा पाच मिनिटांत एका बाजूला सरकतो, सांगाड्याला घासतो आणि त्याच्या कडा उसवू लागतात. मग पट्टा आणखी ताणला जातो, त्यामुळे बेअरिंगवर भार चढतो, आणि शेवटी मोटर कमी पडते म्हणून मोठी मोटर आणली जाते. ही सगळी साखळी वाकड्या सांगाड्यापासून सुरू झालेली असते. म्हणून या लेखात मोटरीपेक्षा समांतर रोलर, गुण्यात कापलेला पट्टा आणि बेताचा ताण यांवर अधिक भर दिला आहे.

हिशेबासाठी एक नमुना समोर ठेवू. दोन रोलरच्या केंद्रांतील अंतर १५०० मिमी, पट्ट्याची रुंदी ३०० मिमी आणि एका वेळी पट्ट्यावर असणारा माल २० किलो. करवतीपासून रचण्याच्या टेबलापर्यंत लाकडी तुकडे नेणे, सुटे भाग एका बाकावरून दुसऱ्या बाकावर सरकवणे, खोकी पुढे नेणे अशा कामांना हे माप पुरते. याहून लांब यंत्र हवे असल्यास पहिल्याच प्रयत्नात ते बांधू नये. आधी हे आखूड यंत्र सरळ चालवून दाखवावे.

किती शक्ती लागते

पट्टा सपाट पत्र्यावर किंवा प्लायवर घसरत चालणार असेल, तर मालाचे आणि वरच्या पट्ट्याचे मिळून वजन सुमारे २२ किलो, म्हणजे २१६ न्यूटन धरता येते. पट्ट्याची खालची बाजू कापडी असल्यास घर्षणाचा गुणांक हिशेबासाठी ०.३५ घ्यावा. म्हणजे पट्टा ओढायला सुमारे ७६ न्यूटन बळ लागेल. पट्टा सेकंदाला १० सेंमी वेगाने चालवायचा असेल, तर या कामाला लागणारी शक्ती जेमतेम ८ वॅट भरते. सुरुवातीचा धक्का, पट्टा रोलरभोवती वळण्यातील प्रतिरोध आणि गिअरबॉक्समधील घट यांसाठी भरपूर सवलत ठेवली, तरी ४० ते ६० वॅटची, गिअर लावलेली २४ व्होल्ट डीसी मोटर पुरेशी होते. घरगुती कामासाठी मी हीच निवड सुचवीन, कारण तिचा वेग साध्या नियंत्रकाने कमी-जास्त करता येतो आणि हाताशी येणाऱ्या तारांत कमी दाबाची वीज राहते. एवढ्या मोटरीने रिकामा पट्टा फिरत नसेल, तर दोष मोटरीत नसून जोडणीत आहे असे समजून शोध सुरू करावा.

वेग रोलरच्या परिघावरून ठरतो. रोलरचा बाहेरील व्यास ६६ मिमी असेल तर परीघ सुमारे २०७ मिमी होतो, आणि मिनिटाला ३० फेऱ्यांत पट्टा ६.२ मीटर सरकतो. हाताने माल ठेवण्या-उचलण्यासाठी हा वेग सोयीचा आहे. याच रोलरवर लागणारे पीळबळ सुमारे २.५ न्यूटन-मीटर भरते. मोटर निवडताना त्याच्या किमान दुप्पट क्षमता पाहावी. यंत्र १० अंश चढते ठेवायचे असल्यास २० किलो मालासाठी सुमारे ३४ न्यूटन बळ वाढते, आणि वीज गेल्यावर माल उलटा घसरणार नाही याची वेगळी सोय करावी लागते.

सांगाडा आणि रोलर

सांगाड्यासाठी लोखंडी चॅनेल, ४० × ४० मिमीचा अँगल किंवा ॲल्युमिनियमचे खाचांचे सेक्शन यांपैकी जे हाताशी असेल ते चालते. मात्र दोन्ही लांब बाजू एकाच वेळी एकत्र बांधून कापाव्यात आणि त्यांतील बेअरिंगची भोकेही एकत्रच पाडावीत. वेगवेगळी मोजून पाडलेली भोके एखाद्या मिलिमीटरने चुकतात, आणि ती चूक पुढे कायम छळत राहते. आडव्या पट्ट्या लावल्यावर सांगाड्याचे दोन्ही कर्ण मोजावेत. दोन्ही मापे सारखी आल्याशिवाय पक्के वेल्डिंग करू नये, आणि टाके मारल्यावर ती पुन्हा मोजावीत, कारण वेल्डिंगच्या उष्णतेने लोखंड खेचले जाते. कर्ण जुळले तरी सांगाडा पिळलेला असू शकतो. त्यासाठी दोन्ही टोकांना आडवी लेव्हल ठेवून पाहावी, आणि फरक दिसल्यास पायांखाली पाचर सरकवून किंवा पायांचे बोल्ट फिरवून तो काढावा.

रोलरसाठी ५० एनबी (नॉमिनल बोर, म्हणजे पाइपचे नाममात्र माप) पाइप उत्तम, कारण त्याचा बाहेरील व्यास ६०.३ मिमी असतो आणि २ मिमी जाडीचा बहुतेक पीव्हीसी पट्टा त्यावर सहज वळतो. तरीही घेतलेल्या पट्ट्यासाठी उत्पादकाने सांगितलेला किमान व्यास पाहून घ्यावा. पट्टा ३०० मिमीचा असेल तर रोलर ३४० मिमी लांब ठेवावा. पाइपच्या दोन्ही तोंडांना जाड चकत्या बसवून त्यांतून २० मिमीचा शाफ्ट आरपार घालावा, वेल्डिंग करावे आणि त्यानंतरच रोलर लेथवर चढवून बाहेरून फिरवून घ्यावा. आधी फिरवून मग वेल्डिंग केलेला रोलर डगमगतो. २० मिमी शाफ्टला यूसीपी २०४ हे बेअरिंग बसते. या क्रमांकातील शेवटच्या ०४ ला पाचने गुणले की भोकाचा व्यास मिळतो. ज्या टोकाला पट्टा ताणायचा आहे तिथे सरकत्या बैठकीचे यूसीटी २०४ घ्यावे आणि प्रत्येक बाजूला लांब आट्यांचा बोल्ट व तो जागीच पक्का धरणारा जाम नट द्यावा.

लेथवर असतानाच रोलरला मधे किंचित फुगवटा द्यावा. रोलरचा मधला एक तृतीयांश भाग सरळ ठेवून बाजूचे दोन भाग कडेकडे उतरते करावेत, इतके की कडेचा व्यास मधल्यापेक्षा १ मिमीने कमी होईल. पट्टा उताराकडे घसरत जाईल असे पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाटते. प्रत्यक्षात तो उंचवट्याकडे चढतो. उतरत्या भागावर टेकलेला पट्टा किंचित वळतो, त्याचा येणारा भाग मोठ्या व्यासाच्या बाजूला झुकतो आणि म्हणून पुढचा प्रत्येक बिंदू आधीच्यापेक्षा थोडा मध्याकडे टेकतो. दोन्ही बाजूंनी हेच घडत असल्याने पट्टा मधे स्थिरावतो. हा फुगवटा लहान चुका सावरतो, मोठ्या वाकडेपणाला मात्र तो पुरा पडत नाही, आणि फुगवटा वाढवून सांगाड्याचा दोष झाकता येत नाही. पट्ट्याच्या कडांना खुंट्या किंवा रुळ लावून त्याला अडवण्याचा मोहही टाळावा, कारण त्याने पट्टा सरळ होत नाही, त्याची कड मात्र फाटते.

चालक रोलरवर, म्हणजे मोटरीने फिरणाऱ्या रोलरवर, ३ मिमी जाडीचे रबर चिकटवावे, म्हणजे व्यास वरच्या हिशेबातल्याप्रमाणे ६६ मिमी होईल. हा खर्च वाचवण्यासारखा नाही. पट्ट्याच्या दोन बाजूंच्या ताणांचे गुणोत्तर घर्षण आणि गुंडाळीचा कोन यांवर ठरते. अभियंते त्याला ऑयलर-आयटेलवाइनचे सूत्र म्हणतात. पट्टा अर्ध्या परिघावर टेकलेला असताना गुळगुळीत लोखंडासाठी गुणांक ०.२ धरला, तर ७६ न्यूटन ओढण्यासाठी सैल बाजूलाही ८७ न्यूटन ताण ठेवावा लागतो आणि शाफ्टवर एकूण २५० न्यूटन भार येतो. रबरासाठी गुणांक ०.३५ धरल्यास सैल बाजूचा ताण ३८ न्यूटनवर आणि शाफ्टवरचा भार सुमारे १५२ न्यूटनवर येतो. काम तेच, पण पट्टा कितीतरी कमी ताणलेला, आणि कमी ताणलेला पट्टा वळवणेही सोपे.

चालक रोलर नेहमी माल बाहेर पडतो त्या टोकाला ठेवावा, म्हणजे तो मालाखालचा पट्टा आपल्याकडे ओढतो आणि सैल भाग खालच्या बाजूला राहतो. जुनी ट्रेडमिल मोडून कन्व्हेयर करणाऱ्यांनी हे विशेष लक्षात घ्यावे. ट्रेडमिलमध्ये रोलर, पट्टा, घसरता पाट आणि ताणण्याचे बोल्ट आयते मिळतात, म्हणून ती चांगली सुरुवात आहे. पण तिची मोटर पुढे असते आणि वरचा पट्टा मोटरीपासून दूर जातो, म्हणजे कन्व्हेयरला हवी त्याच्या उलट रचना. मोटर उलटी फिरवण्यापूर्वी तिचे जड चाक आट्यांवर बसवलेले आहे का ते पाहावे, कारण तसे असल्यास उलट दिशेत ते सुटून निघू शकते. शिवाय तिची वीज २४ व्होल्टची नसते; तिचा नियंत्रक जाणकाराशिवाय उघडू नये.

पट्ट्याखालच्या पाटासाठी २ मिमी पत्रा किंवा वर लॅमिनेट लावलेला १२ मिमी प्लाय घ्यावा. पाटाचा पृष्ठभाग रोलरच्या माथ्यापेक्षा साधारण १ मिमी खाली असावा आणि दोन्ही टोकांच्या कडा घासून गोल कराव्यात, नाहीतर पट्ट्याचा जोड प्रत्येक फेरीला तिथे अडखळतो.

पट्टा कापणे, जोडणे आणि ताणणे

ताणणारा रोलर आत सरकवून, जेमतेम १० मिमी बाहेर असताना, रोलरांभोवती मोजपट्टी गुंडाळून लांबी घ्यावी. आपल्या नमुन्यात ती ३२०० मिमीच्या आसपास येते. टोके कापताना गुण्या पट्ट्याच्या कडेला लावू नये, कारण कड सरळ असेलच असे नाही. टोकापासून एक मीटरपर्यंत चार-पाच ठिकाणी रुंदीचा मध्य काढून ते बिंदू एका रेषेने जोडावेत आणि गुण्या त्या मध्यरेषेला लावावा. तिरका कापलेला पट्टा जोड येईल तेव्हा एका बाजूला आणि जोड गेल्यावर परत असा डोलत राहतो, आणि कोणत्याही बोल्टने तो दोष जात नाही. घरी जोडण्यासाठी धातूच्या दातेरी क्लिप आणि त्यांतून जाणारी सळई हा सोपा मार्ग आहे, कारण सळई काढून पट्टा केव्हाही उतरवता येतो.

ताण अंदाजाने देऊ नये. सैल पट्ट्यावर पेनाने १००० मिमी अंतरावर दोन खुणा कराव्यात आणि दोन्ही बोल्ट सारखे फिरवत ते अंतर १००३ ते १००५ मिमी होईपर्यंत ताणावे. पूर्ण भाराने चालक रोलर घसरत नसेल तर तिथेच थांबावे.

आता पट्टा रिकामा आणि हळू चालवावा. तो डावीकडे सरकत असेल, तर ताणणाऱ्या टोकाचा डावा बोल्ट थोडा घट्ट करावा किंवा उजवा तेवढाच सैल करावा. पट्टा सैल बाजूकडे जातो हा नियम एवढ्यासाठी पाठ असावा. एका वेळी बोल्ट पाव फेराच फिरवावा आणि पट्ट्याच्या किमान दहा फेऱ्या पूर्ण होईपर्यंत वाट पाहावी. परिणाम सावकाश दिसतो, आणि घाईने दोन्ही बोल्ट आलटून पालटून फिरवणारा माणूस शेवटी पट्टा नुसताच अतिताणलेला करून बसतो. रिकामा पट्टा स्थिरावल्यावर माल ठेवून पुन्हा पाहावे, आणि मग जाम नट आवळावेत.

हात वाचवण्याची तयारी

यंत्र लहान आणि संथ असले तरी पट्टा रोलरवर चढतो ती जागा बोट आत ओढून घेते, आणि संथपणामुळेच माणूस तिथे निर्धास्त हात नेतो. दोन्ही टोकांना आणि खालच्या परतीच्या बाजूला पत्र्याची पक्की झाकणे बसवावीत, आणि झाकण व पट्टा यांत ४ मिमीपेक्षा जास्त फट ठेवू नये. मोटरीची फिरकी रोलरपर्यंत नेणारी साखळी आणि तिची दातेरी चाके (स्प्रॉकेट) असल्यास ती पूर्ण झाकावीत. यंत्र थांबवणारे, दाबताच अडकून राहणारे लाल रंगाचे बटण माल ठेवणाऱ्याच्या हाताच्या टप्प्यात असावे, आणि गेलेली वीज परत आल्यावर यंत्र आपोआप सुरू होणार नाही असा स्टार्टर किंवा रिले लावावा. मोटरीच्या तारेत योग्य मापाचा फ्यूज आणि सांगाड्याला अर्थिंग हवेच. कोरड्या हवेत पीव्हीसी पट्ट्यावर साचणाऱ्या स्थिर विजेसाठीही अर्थिंग उपयोगी पडते. सैल बाह्या, ओढणी, मोकळे केस आणि गळ्यातली साखळी घेऊन यंत्राजवळ उभे राहू नये. पट्टा साफ करताना किंवा जोड तपासताना वीज मुळातून तोडावी, केवळ बटण बंद करून भागत नाही.

लाकडाचा भुसा किंवा धातूचा कीस असणाऱ्या जागी खालच्या पट्ट्याच्या आतल्या बाजूवर, चालक नसलेल्या टोकाच्या रोलरच्या आधी, इंग्रजी व्ही आकाराची रबरी पट्टी टेकवावी, म्हणजे आत पडलेला तुकडा रोलरखाली न जाता बाजूला लोटला जातो. रोलरवर एका जागी चिकटून घट्ट झालेला भुसा तिथला व्यास वाढवतो आणि पट्टा त्या बाजूला ओढला जातो. कालपर्यंत नीट चालणारा पट्टा आज सरकू लागला, तर बोल्टला हात लावण्याआधी रोलर पुसून पाहावा. नवा पट्टा पहिल्या काही तासांत किंचित लांबतो, म्हणून पहिल्या दिवसाच्या अखेरीस त्या दोन खुणांमधील अंतर पुन्हा मोजून ताण दोन्ही बाजूंनी सारखा वाढवावा, आणि त्याच वेळी बेअरिंग शाफ्टवर घट्ट धरणारे छोटे ग्रब स्क्रू, क्लिपची सळई व जाम नट तपासून घ्यावेत.